तलवार ठेवल्यावर

१५ मे १९८० रोजी ड्युसेलडॉर्फ येथे पश्चिम जर्मनीच्या राष्ट्रीय ऑलिम्पिक समितीने मतदान घेतले. प्रश्न होता, मॉस्कोला संघ पाठवायचा की नाही. न पाठवण्याच्या बाजूने ५९ मते पडली, पाठवण्याच्या बाजूने ४०. सोव्हिएत फौजा अफगाणिस्तानात शिरल्या होत्या, अमेरिकेने बहिष्काराची हाक दिली होती आणि बॉनमधल्या पश्चिम जर्मन सरकारने ती उचलून धरली होती. खेळाडूंच्या वतीने बोलणारा प्रवक्ता होता सव्वीस वर्षांचा एक तलवारबाज. चार वर्षांपूर्वी माँट्रियलच्या ऑलिम्पिकमध्ये फॉइल या प्रकाराचे सांघिक सुवर्णपदक जिंकलेल्या पश्चिम जर्मन संघात तो होता. नाव थॉमस बाख. खेळाडूंना जाऊ द्या, बहिष्काराने फौजा मागे फिरणार नाहीत, असे तो सांगत राहिला. निर्णय झाला तो त्याच्याविना. फौजा अफगाणिस्तानातून पूर्णपणे बाहेर पडल्या १९८९ मध्ये. तोवर त्या पिढीतल्या बहुतेक खेळाडूंची मैदानावरची वर्षे संपून गेली होती.

बाख यांच्या कारकिर्दीवर लिहिणारे बहुतेक जण माँट्रियलच्या पदकापासून सुरुवात करतात. मला ती सुरुवात पटत नाही. ऑलिम्पिक पदके अनेकांना मिळतात, त्यातले क्रीडा संघटक होतात ते थोडे. बाख संघटक झाले ते ड्युसेलडॉर्फच्या हरलेल्या मतदानामुळे. आपल्या आयुष्याचा निर्णय ज्या खोलीत होतो त्या खोलीत आपल्याला खुर्ची नाही, हे त्यांना तिथे कळले. पुढच्या तेहतीस वर्षांत ते त्या खोलीत शिरले आणि शेवटी मुख्य खुर्चीवर बसले. या पुस्तकाचा विषय तो प्रवास आहे, आणि खुर्ची मिळाल्यावर त्या माणसाने काय केले, हाही.

त्या बहिष्काराची आपली आठवण मात्र आनंदाची आहे. मॉस्कोत आपल्या हॉकी संघाने अंतिम सामन्यात स्पेनला ४-३ असे हरवून सुवर्णपदक मिळवले. ते आपले हॉकीतले आठवे आणि आजवरचे शेवटचे ऑलिम्पिक सुवर्ण. पश्चिम जर्मनी, नेदरलँड्स, ऑस्ट्रेलिया, पाकिस्तान हे तगडे संघ तिथे आलेच नव्हते. आपल्या खेळाडूंचे श्रम यामुळे तसूभरही कमी होत नाहीत. पण कुणाच्या तरी दारावर कुलूप लागले होते आणि त्या कुलपाची किल्ली खेळाडूंच्या हाती नव्हती, हे त्या पदकाबरोबर लक्षात ठेवायला हवे.

बाख यांचा जन्म २९ डिसेंबर १९५३चा, वुर्झबर्गचा. ते वाढले टाउबरबिशोफ्सहाइम या गावात. उच्चारताना जीभ अडखळावी असे नाव आणि वस्ती जेमतेम तेरा हजारांची. आईवडिलांचे कापडाचे दुकान होते. वडील हृदयविकाराने खंगलेले, ते लवकर गेले. या गावात एमिल बेक नावाचे एक गृहस्थ होते, व्यवसायाने न्हावी. त्यांनी स्वतः कुठल्या मोठ्या गुरूकडे तलवार शिकलेली नव्हती. चित्रपटगृहात तलवारबाजीची चित्रफीत पाहिली, तिचे वेड लागले, आणि गावातल्या पोरांना गोळा करून त्यांनी शिकवायला सुरुवात केली. बघून, मोजून, चुकून, पुन्हा करून त्यांनी स्वतःची पद्धत बसवली. जुन्या घराण्यांचे युरोपातले तलवार-गुरू आधी हसले, मग शिकायला आले. १९८८ च्या सोल ऑलिम्पिकमध्ये महिलांच्या वैयक्तिक फॉइलमध्ये आन्या फिश्टेल पहिली, साबिने बाउ दुसरी आणि झिटा फुंकेनहाउझर तिसरी आली. तिघीही बेक यांच्या क्लबच्या. एका छोट्या गावाच्या क्लबने ऑलिम्पिकचा अख्खा विजयमंच भरून काढला.

मी पनवेलला राहतो, म्हणून या गावापाशी जरा जास्त रेंगाळतो. पनवेलची नगरपालिका १८५२ ची, महानगरपालिका २०१६ ची. आज इथली लोकसंख्या टाउबरबिशोफ्सहाइमच्या कित्येक पट आहे. तरी मोठे काही करायचे तर मुंबईला किंवा पुण्याला जावे लागणार, ही समजूत आपल्या मनातून जात नाही. पनवेलजवळच्या शिरढोणात १८४५ साली जन्मलेले वासुदेव बळवंत फडके पुण्याला गेले नोकरीसाठी, आणि तिथे लहुजी वस्ताद साळवे यांच्याकडे शस्त्रविद्या शिकले. लहुजींच्या तालमीत जोतीराव फुलेही दांडपट्टा शिकले होते. त्या तालमीत हात घडत होते तशी माणसेही जोडली जात होती. वस्ताद म्हणजे नुसता डाव शिकवणारा नव्हे. पोरे जमवणारा, टिकवणारा, त्यांच्या घरच्यांना समजावणारा आणि तालमीचा खर्च भागवणारा माणूस. बेक हे त्या अर्थाने वस्ताद होते. खेळाची संघटना कशी उभी राहते, हे बाख यांनी पहिल्यांदा पाहिले ते एका न्हाव्याच्या तालमीत. आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीच्या लोझानमधल्या कचेरीशी त्यांचा संबंध त्यानंतर पुष्कळ वर्षांनी आला.

आता खेळाविषयी थोडे, कारण मराठी वाचकाला कुस्ती-कबड्डी सांगावी लागत नाही, पण फॉइल सांगावी लागते. आधुनिक तलवारबाजीत तीन हत्यारे आहेत : फॉइल, इपी आणि सेबर. फॉइल हलकी, पाचशे ग्रॅमपेक्षा कमी वजनाची, आणि वार फक्त टोकाने, फक्त धडावर. इपी जड, तिचे टोक डोक्यापासून पायापर्यंत कुठेही लागले तरी गुण. सेबरमध्ये कमरेच्या वर टोकही चालते आणि धारही. लढत होते ती चौदा मीटर लांब आणि दीड ते दोन मीटर रुंद पट्टीवर. फॉइलची खरी गंमत तिच्या प्राधान्याच्या नियमात आहे. समोरच्याने आधी हल्ला केला असेल तर त्याच क्षणी उलट भोसकून उपयोग नाही. आधी त्याचे पाते अडवायचे किंवा त्याचा वार चुकवायचा, मग प्रतिवार करायचा. वार लागल्याची खूण देणारे दोघांचे दिवे एकदम लागले तरी गुण कुणाचा, हे पंच ठरवतो. १९७६ मध्ये सांघिक सामना आजच्यासारखा पंचेचाळीस गुणांचा नव्हता. दोन्ही संघांचे चार-चार जण एकमेकांशी लढत, एकूण सोळा लढती, आणि ज्याने नऊ जिंकल्या तो संघ पुढे. एकट्याच्या चमकदार खेळावर असा सामना निघत नसे.

तलवारबाजीने बाख यांना राजकारण शिकवले, हुलकावणी शिकवली, असे लिहिण्याचा मोह अनेकांना होतो. मी तो टाळला आहे. पट्टीवरचा डाव सेकंदाच्या अंशात संपतो आणि दिव्याने ठरतो. संघटनेतला डाव वर्षानुवर्षे चालतो आणि कुणाचाच दिवा लागत नाही. त्या दोन कौशल्यांचे नाते दिसते तितके जवळचे नाही. चांगला खेळाडू चांगला संघटक होतोच, हे गृहीत धरल्यामुळे आपल्याकडे बऱ्याच चांगल्या खेळाडूंची फरपट झालेली आहे.

संघटकाचे काम म्हणजे काय, हे सांगण्यासाठी मला दुसरीच एक घटना महत्त्वाची वाटते. १९८२ साली रोममध्ये जागतिक स्पर्धा होती. फॉइलच्या लढतीत समोरासमोर होते पश्चिम जर्मनीचे मातियास बेर आणि सोव्हिएत संघाचे व्लादिमीर स्मिर्नोव्ह. बेर हे बाख यांचे माँट्रियलच्या सुवर्ण संघातले सोबती, त्याच बेक यांच्या क्लबचे. स्मिर्नोव्ह हे मॉस्कोचे वैयक्तिक फॉइल विजेते. ज्या ऑलिम्पिकला बाख आणि बेर यांना जाऊ दिले गेले नाही त्या ऑलिम्पिकचे. बेर यांचे पाते मोडले, मोडलेले टोक स्मिर्नोव्ह यांच्या मुखवट्याच्या जाळीतून आत गेले. काही दिवसांनी स्मिर्नोव्ह गेले. बेर यांचा यात काडीचाही दोष नव्हता, तरी ते ओझे त्यांनी आयुष्यभर वागवले.

त्यानंतर आंतरराष्ट्रीय तलवारबाजी महासंघाने पात्याचे पोलाद बदलले, मुखवट्यांच्या जाळ्या मजबूत करवल्या, अंगरख्याच्या कापडासाठी ८०० न्यूटन दाब सोसण्याची कसोटी आली. हे सगळे कंटाळवाण्या बैठकांमध्ये झाले. कुणीतरी कोष्टके मांडली, कुणीतरी खर्चाची कुरकुर ऐकून घेतली, कुणीतरी गरीब देशांच्या संघटनांना मुदत वाढवून दिली. आज छत्रपती संभाजीनगरच्या भारतीय क्रीडा प्राधिकरणाच्या (साई) केंद्रात सराव करणारी एखादी मुलगी निर्धास्तपणे पुढे झेपावते, त्यामागे त्या बैठका आहेत. क्रीडा प्रशासन या शब्दाला आपल्याकडे मानपानाचा आणि परदेश दौऱ्यांचा वास लागला आहे. त्याचे मूळ काम हे आहे.

बाख यांच्याकडे वळू. १९८१ च्या सप्टेंबरात बाडेन-बाडेनला ऑलिम्पिक काँग्रेस भरली. तिथे पहिल्यांदाच खेळाडूंना बोलायला व्यासपीठ मिळाले. बोलणाऱ्यांत ब्रिटनचे सेबॅस्टियन को होते, केनियाचे किप केनो होते, बाख होते. को यांची गोष्ट बाख यांच्या नेमकी उलटी. मार्गारेट थॅचर यांच्या सरकारचा विरोध असूनही ब्रिटिश संघ मॉस्कोला गेला होता आणि को १५०० मीटरचे सुवर्ण घेऊन आले होते. गेलेला आणि अडवलेला असे दोघे एकाच व्यासपीठावर होते, आणि दोघांची मागणी एक होती : आमच्याबद्दल ठरवताना आम्हाला विचारा. उत्तेजके घेणाऱ्यांवर, आणि ती देणाऱ्या प्रशिक्षक-डॉक्टरांवरही, आजन्म बंदी घाला, ही मागणीही तिथे खेळाडूंच्या बाजूने झाली. हे वाक्य वाचकांनी लक्षात ठेवावे, पुढे त्याचे काम आहे. त्याच वर्षी आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीने खेळाडूंचा आयोग स्थापन केला आणि बाख त्याच्या पहिल्या सदस्यांत होते.

मधली वर्षे मी भराभर सांगतो. वुर्झबर्ग विद्यापीठातून कायद्याची डॉक्टरेट. १९८५ पासून दोनेक वर्षे आदिदासमध्ये होर्स्ट डासलर यांच्या हाताखाली काम. क्रीडा संघटनांच्या निवडणुकांत डासलर यांचा शब्द किती चालायचा यावर पुष्कळ लिहिले गेले आहे, आणि बाख यांच्या टीकाकारांनी या दोन वर्षांकडे नेहमी बोट दाखवले आहे. १९९१ मध्ये ते आंतरराष्ट्रीय समितीचे सदस्य झाले, २००० मध्ये उपाध्यक्ष, २००६ मध्ये नव्या जर्मन ऑलिम्पिक संघटनेचे पहिले अध्यक्ष. १० सप्टेंबर २०१३ रोजी ब्युनोस आयरेसला ते आंतरराष्ट्रीय समितीचे अध्यक्ष म्हणून निवडून आले, ऑलिम्पिक सुवर्ण जिंकलेले पहिले अध्यक्ष. याच शहरात १९७७ साली ते जर्मन संघाबरोबर फॉइलचे सांघिक जगज्जेते झाले होते.

अध्यक्ष झाल्यावर त्यांच्यापुढे आलेल्या पहिल्या अवघड प्रकरणांत एक आपले होते. डिसेंबर २०१२ पासून भारतीय ऑलिम्पिक संघटना निलंबित होती. आरोपपत्र असलेली माणसे पदावर नकोत, असा आंतरराष्ट्रीय समितीचा आग्रह होता आणि आपल्या संघटनेला तो मानवत नव्हता. परिणाम भोगला खेळाडूंनी. फेब्रुवारी २०१४ मध्ये सोचीच्या हिवाळी ऑलिम्पिकच्या उद्घाटनात ल्यूजपटू शिवा केशवन आणि त्यांचे दोन सहकारी तिरंग्याविना, ऑलिम्पिकच्या झेंड्याखाली चालले. ११ फेब्रुवारीला निलंबन उठले आणि समारोपात तिरंगा आला. संघटकांच्या भांडणात खेळाडूचा झेंडा हिरावला जातो म्हणजे काय, हे बाख यांना कुणी समजावून सांगण्याची गरज नव्हती. इथे त्यांनी ठाम राहून बरोबर केले, असे माझे मत आहे. सवलत मिळाली असती तर आपली घटनादुरुस्ती झालीच नसती.

२०१६ च्या रिओत दहा निर्वासित खेळाडूंचा संघ उतरला. मायदेश गमावलेल्या माणसाला धावण्यासाठी देशाचे नाव लागू नये, ही कल्पना बाख यांच्या काळात प्रत्यक्षात आली, आणि त्यांच्या कामातले हे मला सर्वांत मोलाचे वाटते. त्याच रिओपूर्वी रशियाच्या सरकारी आशीर्वादाने चाललेल्या उत्तेजक-प्रकरणाचा अहवाल आला होता. साऱ्या रशियन संघावर बंदी घालावी, अशी जागतिक उत्तेजकविरोधी संस्थेची शिफारस होती. समितीने ती मानली नाही आणि निर्णय एकेका खेळाच्या महासंघावर सोपवला. बाख यांचे म्हणणे होते की दोषी नसलेल्या खेळाडूला देशाच्या पापाची शिक्षा देता येणार नाही. यात १९८० चा व्रण बोलतो, हे मान्य. पण बाडेन-बाडेनला ज्या पिढीने आजन्म बंदी मागितली तिच्याच प्रतिनिधीने सत्ता हाती आल्यावर एवढी मवाळ वाट धरावी, हे मला आजही खटकते. स्वच्छ खेळून चौथे आलेल्या कित्येकांना त्यांचे पदक वर्षांनंतर टपालाने किंवा एखाद्या छोट्या समारंभात मिळाले. राष्ट्रगीत ऐकण्याचा तो क्षण त्यांना कुणी परत दिला नाही. त्यांचाही आवाज त्या खोलीत असायला हवा होता.

अशीच दुधारी गोष्ट यजमान शहर निवडण्याच्या नव्या पद्धतीची. पूर्वी शहरे एकमेकांशी स्पर्धा करत, त्यात पैसा वाहून जाई आणि मते विकत घेण्याची लाजिरवाणी प्रकरणेही घडत. समितीने २०१४ मध्ये केलेल्या सुधारणांनंतर हळूहळू ती स्पर्धाच मागे पडली. २०१७ मध्ये पॅरिस आणि लॉस एंजेलिस या दोघांनाही एकदम यजमानपदे देऊन टाकली, आणि २०३२ साठी ब्रिस्बेनची निवड बरीचशी बंद दाराआडच्या चर्चेतून झाली. खर्च वाचला, उघडेपणा कमी झाला. ऑक्टोबर २०२३ मध्ये मुंबईत, म्हणजे पनवेलहून लोकलने दीड-दोन तासांच्या अंतरावर, समितीचे १४१ वे अधिवेशन भरले. तिथे पंतप्रधानांनी २०३६ च्या यजमानपदासाठी भारताची इच्छा जाहीर केली आणि दोन दिवसांनी लॉस एंजेलिसच्या कार्यक्रमात क्रिकेट घेण्याचा निर्णय झाला. आपली सगळी चर्चा क्रिकेटभोवती फिरली. पण आपला दावा ज्या पद्धतीने तोलला जाणार आहे ती पद्धत बाख यांनी घडवलेली आहे. ती समजून घेण्याचा हक्क, आणि तिच्याबद्दल प्रश्न विचारण्याचाही, आपल्याला आहे.

महाराष्ट्राला संघटकांची परंपरा नवी नाही. १९२० च्या अँटवर्प ऑलिम्पिकला भारतीय खेळाडू गेले, त्याची मुळे पुण्याच्या डेक्कन जिमखान्याच्या मैदानावर आहेत आणि पैसा व पाठबळ सर दोराबजी टाटांचे. ज्या मॉस्कोला बाख जाऊ शकले नाहीत तिथे शंभर मीटर धावलेले मुंबईचे आदिल सुमारीवाला पुढे अनेक वर्षे भारतीय अ‍ॅथलेटिक्स महासंघाचे अध्यक्ष होते आणि २०२३ मध्ये जागतिक अ‍ॅथलेटिक्सचे उपाध्यक्ष झाले. तरीही अशी नावे बोटावर मोजावी लागतात. आपल्या राज्यात खेळाडूंना नोकरीत पाच टक्के आरक्षण आहे, शिवछत्रपती पुरस्कार आहे, दहावी-बारावीला सवलतीचे गुण आहेत. ताळेबंद कसा वाचावा, संघटनेची घटना कशी लिहावी, सभेत हरकत कशी नोंदवावी, हे त्यांना शिकवण्याची सोय मात्र दिसत नाही. मग जिल्हा संघटनेच्या निवडणुकीत खेळाडू सत्काराला येतो आणि अध्यक्ष राजकीय पुढारी होतो. काही पुढाऱ्यांनी मनापासून काम केले आहे, ते नाकारण्याचे कारण नाही. पण खेळाडूची जागा हाराच्या शेजारी नको, हिशेबाच्या वहीशेजारी हवी. २०२५ च्या राष्ट्रीय क्रीडा प्रशासन कायद्याने कार्यकारिणीत नामवंत खेळाडूंना आणि महिलांना जागा राखून दिल्या आहेत. त्या जागांवर बसणाऱ्यांनी बोलावे, यासाठी आधी त्यांची तयारी करून घ्यावी लागेल.

मुंबईच्या त्या अधिवेशनात आणखी एक गोष्ट घडली. नियमाप्रमाणे बाख यांची मुदत २०२५ मध्ये संपत होती. काही सदस्यांनी उघडपणे सुचवले की सनद बदलावी आणि त्यांना पुढे चालू ठेवावे. त्यांनी तिथे स्पष्ट नकार दिला नाही. तो दिला दहा महिन्यांनी, पॅरिसमध्ये. ते दहा महिने त्यांनी का जाऊ दिले, याचे समाधानकारक उत्तर मला मिळालेले नाही. पण ते गेले, आणि आपल्याकडच्या खुर्च्यांचा इतिहास पाहता हे जाणे लहान म्हणता येणार नाही.

२० मार्च २०२५ रोजी ग्रीसमध्ये नव्या अध्यक्षाची निवड झाली. उमेदवारांत बाडेन-बाडेनचे जुने सोबती को होते. त्यांना आठ मते पडली. पहिल्याच फेरीत ४९ मते घेऊन निवडून आल्या झिम्बाब्वेच्या जलतरणपटू कर्स्टी कोव्हेंट्री, समितीच्या पहिल्या महिला आणि पहिल्या आफ्रिकी अध्यक्ष. त्या समितीत आल्या होत्या १९८१ च्या त्याच खेळाडू-आयोगातून. आपल्याकडे भारतीय ऑलिम्पिक संघटनेचा असा निवडून आलेला आयोग २०२२ मध्ये बनला. त्यात सोचीत तिरंग्याविना चाललेले शिवा केशवन आहेत, आणि टोकियोत ऑलिम्पिकची पहिली लढत १५-३ अशी जिंकणाऱ्या, भारताच्या पहिल्या ऑलिम्पिक तलवारबाज भवानी देवीही.